'आपण' म्हणणारं घर

"आपण कोण?" दार किलकिलं करून एर्सिलियाबाईंनी विचारलं.

इलारिओच्या जिवात जीव आला. रोमहून हुकूम सुटला होता, की परक्या माणसाला 'आपण' म्हणायचं नाही. ते म्हणे गुळमुळीत लोकांचं बोलणं. खऱ्या फासिस्टानं 'तुम्ही' म्हणावं. आता तोंडात कोणता शब्द घोळवायचा तेही सरकार ठरवणार! तेव्हापासून आमच्या फेर्रारा शहरात जो 'आपण' म्हणेल तो आपला, अशी सगळ्यांनी खूणगाठ बांधली होती.

"मी नेविओचा मित्र," तो हळूच म्हणाला.

नेविओ हा बाईंचा एकुलता एक मुलगा. सरकारविरुद्ध पत्रकं छापली म्हणून त्याला दूरच्या बेटावर नेऊन डांबलं होतं.

"मग धुक्यात का उभे? आत यावं आपण."

स्वयंपाकघरात बसवून बाईंनी त्याच्यापुढे गरम सूप ठेवलं. "बाई, सारखं 'आपण' म्हणू नका," तो हसला. "अडचणीत याल."

"जन्मभर शाळेत व्याकरण शिकवलं मी. आता रोमच्या त्या टकल्या हुकूमशहाकडून शिकू?"

"हळू बोला हो."

"ऐकतंय कोण? मी आणि ही चूल."

त्याला फार बरं वाटलं. किती दिवसांनी असं घर भेटलं होतं. त्यानं सांगून टाकलं, की नेविओचा साथीदार रुज्जेरो पायात गोळी लागून पडलाय, जखम चिघळलीय. "त्याला इथे आणलं तर चालेल?"

"विचारता काय? नेविओची खाट रिकामीच आहे. पण तो आहे कुठे?"

इलारिओनं चमचा खाली ठेवला. जागा कोणाला म्हणजे कोणालाच सांगायची नाही, सख्ख्या आईलासुद्धा नाही, असं ठरलेलं होतं.

बाईंनी त्याच्या हातावर हात ठेवला. त्यांचा हात थंडगार होता. "आपला माझ्यावर विश्वास नसेल, तर राहू द्या."

इलारिओला स्वतःचीच लाज वाटली. "नदीकाठच्या जुन्या पंपघरात," तो म्हणाला.

बाईंनी डोळे मिटून घेतले. मग आतल्या खोलीकडे मान वळवून म्हणाल्या,

"साहेब, तुम्ही ऐकलंत ना? आता सोडाल ना माझ्या नेविओला?"