काटा शून्यावर

आमचं गाव ढगावर वसलेलं. गावात कुणी आतून फार दुःखी असलं, की ढग जड होऊन खाली उतरतो. यंदा डोंगराची टोकं अंगणाला टेकायला आली, तेव्हा मी दुःख मोजायचं यंत्र केलं: काचेच्या नळीत मूठभर धुकं आणि काँडोर गिधाडाच्या पिसाचा काटा.

"आधी काटा शून्यावर लावायला हवा," मी म्हणालो. "ज्याला काडीचंही दुःख नाही, असं एक माणूस सांगा."

सगळ्यांनी कासिल्दामावशीकडे बोट दाखवलं. मक्याच्या भाकऱ्या थापताना दिवसभर गाणारी, खिदळणारी मावशी.

"मोज की मेल्या! गुदगुल्या तेवढ्या करू नकोस," म्हणत तिनं नळी धरली. मी काटा शून्यावर पक्का केला.

मग अख्खं गाव मोजलं. प्रत्येकाचं दुःख शून्यापेक्षा कमीच भरलं.

"गेल्या महिन्यात नवरा गेला माझा," इलारिया भडकली. "आणि मी शून्याहून सुखी? फेक ते दरीत!"

यंत्र उघडायला घेतलं आणि नजर समोरच्या अंगणात गेली. मावशी गात होती. तिच्या पायाखालचा ढग गुडघाभर दबलेला होता.

नाचून नाचून दबलाय, असं आम्ही इतकी वर्षं हसत म्हणत आलो होतो.