कच्चा कापूस

राळेगावच्या वाटेवर, कापसानं भरलेल्या बैलबंडीतच धनसिंग आणि त्याचा धाकटा भाऊ हिरासिंग शेताच्या धुऱ्यावरून, मधल्या बांधावरून, भांडले. बोलता बोलता हिरासिंगनं कुऱ्हाड उचलली आणि भावाच्या मांडीत हाणली.

बंडीतच बसलेली धनसिंगची बायको लालीबाई मुठीमुठीनं कापूस उचलून जखमेवर दाबू लागली. पण कच्चा कापूस तेलकट, तो काही पीत नाही. अळूच्या पानावरून पाणी घरंगळावं तसं रक्त त्याच्यावरून घरंगळत होतं. अख्खी बंडी कापूस होता आणि सगळा बिनकामाचा.

हिरासिंगनं कुऱ्हाड खाली टाकली. डोक्याचं जुनं, धुऊन धुऊन विरलेलं पागोटं सोडून त्यानं त्याची घडी केली आणि दोन्ही हातांनी जखमेवर दाबली. त्या कापडानं रक्त शोषलं. हळूहळू धार थांबली.

लालीबाईनं कुऱ्हाड उचलून त्याच्या मानेवर टेकवली.

"मार भाभी," तो म्हणाला, "मी त्याच लायकीचा हाय."

"हात काढला त मारीन," ती म्हणाली. "दाबून धर."

धनसिंगची शुद्ध गेली; बैल ओळखीच्या वाटेनं चालत राहिले. राळेगावच्या दवाखान्यात पोचले तेव्हा डॉक्टर म्हणाले, "सोड आता."

हिरासिंगनं लालीबाईकडं पाहिलं. "काढू का, भाभी?"

तिनं कुऱ्हाड खाली ठेवली. पण हात निघेनात. वाळलेल्या रक्तानं ते पागोट्याला आणि पागोटं जखमेला घट्ट चिकटलं होतं. त्यानं जोरानं ओढलं, तसे धनसिंगनं डोळे उघडले.

"हळू ओढ ना, हिऱ्या," तो म्हणाला. "दुखते मले."