येतो

वेळ थोपवून धरणारी खोली आमच्या गटानेच बांधली आणि पहिले आत गेले तेंडोलकर सर. त्यांचा एक श्वास होईपर्यंत बाहेर दिवाळी येऊन गेली.

काचेपलीकडे त्यांचे ओठ हळूहळू हलत होते. नुसतं "ये" उमटायला उन्हाळा सरला.

"येतो म्हणतायत," त्यांच्या पत्नी, आमच्याच वृंदाताई म्हणाल्या. "हे जातो कधी म्हणतच नाहीत." आमचा जीव भांड्यात पडला. दाराशी त्याही "येते" म्हणाल्या आणि सरांना आणायला आत गेल्या.

मग सरांचे ओठ गोल झाले. पण "तो" म्हणताना जीभ दातांना लागते, ती लागली नाही. "ऊ" होता तो.

पुढचा शब्द पुरा व्हायला दसरा उजाडला.

"येऊ नका."