नवसाचे केस

शेवटच्या चढाईत साक्षीने अंबडचे दोन गडी बाद केले आणि मधली रेषा गाठली. ओढाताणीत तिच्या डोक्याला आवळलेला रुमाल सुटला आणि लांबलचक वेणी पाठीवर पडली. हसनाबादच्या जत्रेतल्या कबड्डीच्या मैदानाभोवतीची माणसं टाचा उंचावून बघू लागली.

तिचे वडील कारभारी मघापासून दुरूनच "माझा ऋषी! माझा ऋषी!" म्हणून घसा फोडत होते. त्यांचं तोंड उघडंच राहिलं. पाय मुरगळलेला ऋषी त्यांच्या नकळत घरी पडून होता आणि त्याची जर्सी घालून थोरली बहीण खेळत होती.

बाहेरगावाहून आलेले पंच भागवत सर म्हणाले, "पोरांच्या संघात पोरगी चालत न्हाई. कप अंबडला."

अंबडच्या पोरांनी खरं तर उड्या मारायच्या. पण त्यांचा कप्तान सोमेश्वर लालबुंद झाला. एका पोरीनं लोळवलं, हे गावात कोणत्या तोंडानं सांगायचं?

"पोरगी कुठली, सर? पोरगाच हाय. नवसाचे केस असतील."

"बिलकुल नवसाचेच!" हसनाबादची पोरंही ओरडली. त्यांना कप हवा होता. सरांनी कारभाऱ्यांकडे पाहिलं. चारचौघांत शोभा नको म्हणून त्यांनीही मान डोलावली. एक शब्द बोललं की कप जाणार, म्हणून साक्षी गप्प राहिली.

गावातले नजर अधू झालेले कडूबा आजोबा आनंदाने पुढे आले. "मंग नवस पावला की! जल्दी करा, देवासमोरच केस उतरवा. जावळं काढायला संपत हितंच बसलाय."

संपत कात्री घेऊन आलासुद्धा. साक्षी पांढरीफटक पडली, तरी पाटावर बसली. त्याने वेणी मुठीत धरली.

"थांब रे!" कारभाऱ्यांनी सरांच्या हातातला माईकच ओढला. "ऋषी न्हाई, साक्षी हाय ती! पोरगी हाय माझी!"

गावभर लावलेल्या कर्ण्यांतून ते घुमलं. साक्षीला रडूच फुटलं.

भागवत सरांनी कप उचलून सोमेश्वरपुढे धरला. "घे. नियम म्हंजी नियम."

सोमेश्वरने दोन्ही हात पाठीमागे घेतले.