हाबिसनं न घेतलेली कॉफी

अरीजच्या मामानं, हाबिसनं, कॉफीचा कप हातात घेतला आणि तोंडाला न लावता समोर सतरंजीवर ठेवला. त्याच्यासोबत आलेल्या सगळ्या पुरुषांनीही आपापले कप ठेवले.

करकच्या या डोंगरांत पाहुणा मागणं घेऊन आला की कप असाच ठेवतो. यजमान 'घ्या' म्हणाला, की मागणं मान्य. कॉफी न घेता पाहुणे उठले, तर घराची अब्रू गेली. एका कपावर इथं खून माफ झालेत.

मागणं एकच होतं. अरीजच्या सिनेमातून वदहा ही बाई काढायची, तिचं सगळं चित्रण आत्ता, सगळ्यांसमोर पुसायचं. वदहा त्यात सांगते, की बाप गेल्यावर भावांनी तिचा हात धरून कागदावर अंगठा उठवला, जैतुनाची बाग घेतली आणि बदल्यात एक घोंगडी दिली. ते दोघे भाऊ हाबिसला खेटून बसले होते. माना खाली. अन्याय जणू त्यांच्यावरच झाला होता.

अरीज दारात उभी होती. सिनेमा तिचा, पण मागणं तिच्या बापाकडं.

"अबू गालिब," हाबिस मेव्हण्याला म्हणाला, "पोरीला अम्मानला शिकवलंस, कॅमेरा घेऊन दिलास, आम्ही गप्प बसलो. आता निदान कॉफी तरी गरम असेपर्यंत पाज."

कुणीतरी फिस्सकन हसलं.

अरीजनं सांगून पाहिलं. वदहाला भावांनी आता घरात कोंडलंय, ती पुन्हा कधी बोलायची नाही, हे पुसलं तर तिचं म्हणून काहीच उरणार नाही. हाबिसनं तिच्याकडं मानसुद्धा वळवली नाही. पुरुषांच्या बैठकीत हल्ली बायका बोलतात का, असं त्यानं तिच्या बापालाच विचारलं.

अबू गालिबला घाम फुटला होता. पोरीची नजर चुकवत त्यानं ओठ ओले केले. 'घ्या' एवढा एकच शब्द म्हणायचा होता. तो शब्द त्याच्या घशातून वर येताना अरीजला दिसत होता.

स्वयंपाकघराचा पडदा सरकला. अरीजची आई फिद्दा बाहेर आली. हाबिसची सख्खी बहीण. लग्न होऊन आल्यापासून ती या बैठकीत पुरुषांसमोर कधी आली नव्हती. कुणाला काही न विचारता ती कपांमधून वाट काढत खिडकीपाशी गेली, उजेडात बसली आणि डोक्यावरचा रुमाल सारखा केला.

"वदहाचं पुसायला लावतील तर लावू देत. तू कॅमेरा आण. माझ्याही बापाची जमीन होती."

"फिद्दा, आत जा," हाबिस म्हणाला. आवाज मघासारखा राहिला नव्हता.

अरीजनं कॅमेरा आणला. तो आईवर रोखला.

"कुठं बघू गं?" फिद्दानं विचारलं. "कॅमेऱ्याकडं, की माझ्या भावाकडं?"