संस्था मधोमध हवी

अध्यक्षांनी तारांगणाच्या ऑपरेटर बाईंना बजावलं, "उद्घाटनाला विश्व दाखवा, पण पडद्यावर आपली संस्था मधोमध हवी. सॉफ्टवेअर मुक्त आहे, कुणीही बदलू शकतं म्हणता ना? मग वळवा हवं तसं." बाईंची नोकरी अध्यक्षांच्याच सहीवर टिकून होती.

उद्घाटनाच्या दिवशी पडद्यावर शंभर मीटर उंचीवरून संस्थेचं छप्पर दिसलं. टाळ्या पडल्या.

चारशे किलोमीटरवरून नुसते ढग. "अहो, संस्था कुठे गेली?"
"मधोमधच आहे, साहेब."

सूर्यमालेबाहेर: "पुरे. थांबवा."

आकाशगंगेबाहेर: "उद्यापासून कामावर येऊ नका."

बाई मागे मागे जातच राहिल्या. आता पडद्यावर कोट्यवधी आकाशगंगा होत्या, सांडलेल्या पिठासारख्या. अध्यक्षांनी खुर्चीचे हात घट्ट धरले. "बाई, परत न्या आता."

"नेते की. पूर्ण पत्ता सांगा. आधी आकाशगंगा कुठली?"