ताईची पट्टी

"आठ औंस म्हणजे किती गं?" गिटारवाल्याने विचारलं आणि लगेच जीभ चावली.

ताई उत्तर कुठून देणार? गळ्यातली गाठ काढताना डॉक्टरांनी अख्खं स्वरयंत्रच काढलं होतं. आता मानेला पुढून एक भोक होतं, श्वास तिथून चालायचा. नाकात नळी होती, जेवण तिथून जायचं. आवाज परत येणार नाही, हे डॉक्टरांनी दोघांनाही स्वच्छ सांगितलं होतं. एकमेकांसमोर मात्र बहीणभाऊ त्या विषयाच्या वाऱ्यालाही उभे राहत नव्हते.

ताईने मापाचं भांडं त्याच्यापुढे आदळलं. साधं प्लास्टिकचं भांडं, एका अंगाला औंसाच्या रेघा, दुसऱ्या अंगाला मिलीच्या. पावडरच्या डब्यावर सगळा मजकूर औंसात, डॉक्टरांची चिठ्ठी मिलीत, आणि याचं गणित शाळेपासूनच दिव्य. एका औंसाचे तीस मिली धर, हे ती रोज बोटांवर मोजून शिकवायची आणि हा पठ्ठ्या रोज विसरायचा.

"दोनशे चाळीस! बघ, तुझा भाऊ अगदीच ढ नाही."

ताईने हात झटकला. बरं बरं, ओत आता.

दट्ट्या काढलेली मोठी सिरिंज नळीला जोडून त्याने वर धरली, आणि पातळ जेवण आपसूक खाली उतरू लागलं. दाबायचं नाही, घाई करायची नाही. एरवी एवढ्या वेळात त्याची टकळी सुरू असायची. आज त्याची नजर सारखी घड्याळाकडे जात होती.

संध्याकाळी त्याला हॉटेलात एकट्याने वाजवायचं होतं. इतकी वर्षं त्या कोपऱ्यात दोघं असायची. ताई गाणार, हा शेजारी बसून गिटारवर साथीचे कॉर्ड धरणार. दुसरी गायिका आणा, असं मालक म्हणाला होता. मरेन पण आणणार नाही, असं याने तोंडावर सांगितलं होतं. मग मालक म्हणाला, एकटे वाजवा, पण लोकांना गाणं ऐकू आलं पाहिजे. नाही जमलं तर आपला रामराम.

सिरिंज रिकामी झाली. ताईने गिटारकडे बोट केलं. दाखव.

एकट्याने वाजवायचं म्हणजे अंगठ्याने खालचे जाड स्वर, बोटांनी मधले कॉर्ड, आणि या सगळ्यांच्या डोक्यावर बारीक तारेवर गाण्याची चाल. बोटं त्याची तयार होती. तरी गाणं सुरू झालं आणि चाल काही सापडेना. ताईचा आवाज बायकांच्या मानाने खालचा, भरदार. तिच्या पट्टीत चाल मधल्या तारांवर पडत होती आणि कॉर्ड तिला तुडवून जात होते. फोटोत बुटका माणूस मागच्या रांगेत उभा केला की त्याचे नुसते केस दिसतात, तसं झालं होतं.

ताईचे ओठ मात्र शब्दाशब्दाला हलत होते.

दोन ओळी झाल्या आणि तिने त्याच्या कपाळावर टपली मारली. मग बोट वर केलं. पट्टी वाढव.

"नाही. ही तुझी पट्टी आहे. मी यातच वाजवणार."

बोट पुन्हा वर.

"उगाच हट्ट करू नकोस, ताई. मी पट्टी बदलली तर..."

बदलली तर त्या कोपऱ्यात ताईची जागा उरणारच नव्हती. बोटांचा प्रश्न कधी नव्हताच. तिची पट्टी धरून ठेवली की ती कधीतरी येऊन उभी राहील, असं हे खुळं इतके दिवस मनाशी धरून बसलं होतं.

ताई उठली. मापाच्या भांड्यात आठ औंसांच्या रेघेपर्यंत पाणी घेतलं आणि त्याच्या नाकासमोर धरलं. मग भांडं सावकाश फिरवलं. दुसऱ्या अंगाला दोनशे चाळीस. पाणी तेवढंच.

"कळतंय मला!" तो चिडून म्हणाला. "गाणं तेच राहतं, माप तेवढं बदलतं. औंसाचं मिली होतं गं. तुझं माझं कसं करू?"

ताईचे डोळे भरून आले. दवाखान्यात इतकं सोसलं, तिथेही ती रडली नव्हती. पालथ्या हाताने तिने डोळे पुसले, त्याचा डावा हात धरला आणि गिटारच्या दांडीवरून वरच्या सुरांकडे सरकवत नेला. बोटं तारांवर घट्ट बसेपर्यंत तिने तो तिथेच दाबून धरला. मग सोडला.

तो वाजवू लागला. चाल बारीक तारेवर आली, मोकळी झाली. खोलीभर नुसतं गाणं झालं. ताईचे ओठ सवयीने हलले आणि थांबले. एवढ्या वर तिचा गळा कधी गेलाच नव्हता.

तिने त्याच्या शेजारची जागा सोडली आणि समोर, भिंतीला लागून असलेल्या पलंगावर जाऊन बसली.

गाणं संपलं. त्याने मान वर केली नाही. समोरून टाळ्यांचा आवाज आला, एकाच माणसाच्या, ठाय, संथ लयीतल्या. आजवर ताईने त्याच्यासाठी कधी टाळी वाजवली नव्हती. लोक टाळ्या वाजवायचे तेव्हा ती त्याच्या शेजारी उभी असायची.

"नको ना गं, ताई," गिटारवाला म्हणाला.

ताई टाळ्या वाजवतच राहिली.